ॲमस्टरडॅम: रेम्ब्रांटचं घर एकट्याने, सावकाश बघायचं आहे

शाईची_दौत

मंडळी, नमस्कार. मे महिन्यात लेकीकडे ॲमस्टेलव्हीनला सहा आठवडे जातोय. लेक-जावई दोघंही नोकरीवर आणि नात शाळेत, त्यामुळे सोमवार ते शुक्रवार दिवसभर मी मोकळा. सुट्टीच्या दिवशी ते मला हौसेने फिरवणारच आहेत. पण एक जागा मला एकट्याने आणि माझ्या चालीने बघायची आहे, ती म्हणजे सतराव्या शतकातला डच चित्रकार रेम्ब्रांट याचं घर.

सातारा जिल्ह्यातल्या एका शाळेत ३१ वर्षं चित्रकला शिकवली. छायाप्रकाशाचा धडा आला की दरवर्षी रेम्ब्रांटचं नाव निघायचं, आणि मुलांना दाखवायला माझ्याकडे काय, तर पोस्टकार्डाएवढं एक छापील चित्र, तेही हातोहात फिरून कोपरे दुमडलेलं. हा माणूस कुठल्या खिडकीपाशी बसून काम करायचा, त्याच्या खोलीत उजेड कुठून यायचा, हे एकदा डोळ्यांनी बघावं अशी फार वर्षांची इच्छा आहे.

सोबत वाटाड्या घ्यायचा नाही. तिकीट आधी काढावं लागतं का? किती वेळ हाताशी ठेवू? आत वही-पेन्सिल चालते का? गुडघे थोडे कुरकुरतात, तर जिने कसे आहेत? आणि त्याची चित्रं असलेलं राइक्स म्युझियम आधी बघू की घर आधी? जाऊन आलेल्यांनी सविस्तर लिहा, माझी काही घाई नाही.

ॲमस्टेलकाठ

सर, स्वागत आहे. मी नऊ वर्षं इथेच आहे. त्या घरात चारदा जाऊन आले, त्यातल्या तीन वेळा एकटी, म्हणून जरा लांबड लावते.

घर योडेनब्रेस्ट्राटवर आहे, क्रमांक ४. ॲमस्टेलव्हीनहून ट्रामने झाउड स्टेशन गाठा, तिथून ५१ नंबरची मेट्रो धरा आणि वॉटरलूप्लाइनला उतरा. पुढे चालत काही मिनिटं. बँकेचं कार्ड टेकवून प्रवास करता येतो. फक्त चढताना टेकवलंत तसं उतरतानाही आठवणीने टेकवा, आपले पाहुणे हमखास तेवढंच विसरतात. तिकीट वेळ ठरवून ऑनलाइन काढा. सकाळचा पहिला प्रवेश मिळाला तर उत्तम, कारण खोल्या लहान आहेत आणि एका खोलीत दहा माणसं झाली की काही दिसत नाही. लेकीला म्युझियमकार्ड काढून ठेवायला सांगा. इथे राहणाऱ्यांना ते वर्षभर पुरतं आणि या घरातही चालतं. तुमचं मात्र साधं तिकीट काढावं लागेल. कानाला लावायचं ध्वनिमुद्रित निवेदन मिळतं, ते जरूर घ्या. वाटाड्याची गरज पडत नाही, आणि नको तिथे ते थांबवताही येतं.

लोक दीड तास सांगतात. तुम्ही तीन तास ठेवा.

आता तुमच्या शेवटच्या प्रश्नाबद्दल. माझं ठाम मत आहे की घर आधी आणि राइक्स म्युझियम नंतर, वेगळ्या दिवशी. ज्या वर्षी ‘रात्रीचा पहारा’ (नाइट वॉच, राइक्स म्युझियममधलं त्याचं गाजलेलं चित्र) पूर्ण झालं त्या १६४२ मध्ये तो याच घरात राहत होता. चित्र इतकं मोठं की ते मागच्या अंगणातल्या आडोशाला रंगवलं असावं, असं मानतात. आधी ते अंगण बघायचं आणि मग ते चित्र. उलट क्रमाने गेलात तर चित्र डोळ्यांत एवढं भरतं की घर लहान वाटायला लागतं.

घराची गोष्ट थोडक्यात सांगते. १६३९ मध्ये त्याने हे घर १३,००० गिल्डरना (तेव्हाचं डच चलन) घेतलं. तेव्हा तो तिशीतला, नाव झालेला चित्रकार होता आणि बायको सास्किया सोबत होती. पैसे हप्त्यांनी द्यायचे ठरले. तुलनेसाठी सांगते, ‘रात्रीचा पहारा’ काढवून घेणाऱ्या मंडळींनी मिळून त्याला सुमारे १,६०० गिल्डर दिले. म्हणजे तसली आठ चित्रं दिली तेव्हा कुठे हे घर. हप्ते थकले, कर्ज वाढत गेलं, १६५६ मध्ये दिवाळं निघालं आणि १६५८ मध्ये घर विकलं गेलं. त्यानंतर तो रोझेनग्राख्टवर भाड्याच्या घरात राहिला. १६६९ मध्ये तो गेला तेव्हा वेस्टरकेर्क चर्चमध्ये भाड्याच्या, नाव नसलेल्या थडग्यात त्याला पुरलं.

सांजवारा

वेगळं मत मांडतो, राग मानू नका. मी दोन वर्षांपूर्वी गेलो होतो आणि थोडा हिरमुसून बाहेर आलो. आतल्या खुर्च्या, पलंग, भांडी यातलं काहीच रेम्ब्रांटच्या हातचं नाही. सगळं त्या काळातलं, पण दुसरीकडून आणून मांडलेलं. भिंतीवरची रंगचित्रं बहुतेक त्याच्या गुरूची, शिष्यांची, समकालीनांची. त्याची गाजलेली चित्रं बघायची तर राइक्स म्युझियम नाहीतर द हेगचं मॉरित्सहाउस. एकच दिवस हातात असेल तर मी घराऐवजी तिकडे जाईन. सरांकडे सहा आठवडे आहेत म्हणून ठीक, पण अपेक्षा ठरवून जा.

ॲमस्टेलकाठ

सांजवारा, तुमची माहिती बरोबर आहे. पण सामान कशावरून मांडलं हे कळलं की तेच घर वेगळं दिसतं.

दिवाळं निघालं तेव्हा, जुलै १६५६ मध्ये, सरकारी माणसं घरात आली आणि खोलीमागून खोली फिरत त्यांनी एकेक वस्तू लिहून घेतली. ३६३ नोंदी. आपल्याकडे जप्तीच्या वेळी पंचनामा होतो तसंच. कुठल्या खोलीत कुणाचं चित्र, कुठल्या फळीवर काय, सगळं. ती यादी टिकली. पुढे अडीचशे वर्षं घर हातोहात फिरलं, आतून पार बदललं. १९०६ मध्ये, त्याच्या जन्माला ३०० वर्षं झाली तेव्हा, शहराने ते विकत घेतलं. १९११ मध्ये राणी विल्हेल्मिनाच्या हस्ते संग्रहालय उघडलं. आतल्या खोल्या मात्र १९९० च्या दशकाच्या शेवटी पुन्हा उभ्या केल्या आणि त्यासाठी मुख्य आधार ही यादी. ज्या कागदाने त्याचं घर रिकामं केलं, त्याच कागदावरून ते परत भरलं.

सर, यादीचा इंग्रजी अनुवाद सहज मिळतो. लेकीला छापून घ्यायला सांगा आणि हातात धरून खोल्या बघा. मी तिसऱ्या वेळी असं केलं, आणि मला घर खऱ्या अर्थाने तेव्हा दिसलं.

ताम्रपट

मी मुद्राचित्रण शिकलो आणि तेच करतो, म्हणून या धाग्यात राहवत नाही.

सांजवारा म्हणतात तसं रंगचित्रांसाठी तिथे जाऊच नका. जायचं ते त्याच्या एचिंगसाठी, म्हणजे तांब्याच्या पत्र्यावर कोरून कागदावर छापलेल्या चित्रांसाठी. त्याने आयुष्यात सुमारे २९० एचिंग केली आणि त्यातली सुमारे २६० या संग्रहात आहेत. कागद उजेडाने खराब होतो, म्हणून एका वेळी थोडीच लावतात. जी लावलेली असतील त्यांच्यासमोर नाक टेकेल इतकं जवळ उभं राहा. हातात मावेल एवढ्या कागदावर माणसाच्या कपाळावरची आठी दिसते.

ज्यांना पद्धत ठाऊक नाही त्यांच्यासाठी: तांब्याचा गुळगुळीत पत्रा घ्यायचा, त्यावर मेण आणि राळेचा पातळ थर चढवायचा. सुईने त्या थरावर रेघ ओढली की खालचं तांबं उघडं पडतं. पत्रा आम्लात सोडला की उघडी रेघ खायला लागते, बाकीचं तांबं मेणाखाली सुरक्षित. मग थर काढायचा, रेघांत शाई भरायची, वरची शाई तळहाताने पुसून घ्यायची, ओलसर कागद ठेवायचा आणि पत्रा रुळाखालून काढायचा. आम्लात किती वेळ ठेवलं यावर रेघ बारीक की जाड हे ठरतं. घाई केली तर रेघ उमटत नाही आणि विसरलं तर पत्रा वाया जातो. रेम्ब्रांट याच्यावर आणखी कोरड्या सुईने थेट तांब्यात ओरखडे काढायचा. त्या ओरखड्याच्या कडेला तांब्याची उचललेली कोर राहते, ती शाई धरून ठेवते आणि छापल्यावर मखमलीसारखा काळा देते. ती कोर थोड्याच प्रतींत दबून जाते, म्हणून सुरुवातीच्या प्रतींना एवढी किंमत.

या घरात हे सगळं करून दाखवतात. रंग कसे खलायचे याचंही प्रात्यक्षिक असतं. आत गेल्यागेल्या त्या दिवशीच्या वेळा विचारून घ्या.

आणि सर, त्याचा १६५० चा ‘शंख’ लावलेला असला तर चुकवू नका. संगमरवरासारखी नक्षी असलेला, पूर्वेच्या समुद्रातला शंख आहे. छापताना चित्र उलटं होतं हे त्याला ठाऊक असणारच, कारण सही त्याने पत्र्यावर उलटी कोरली आणि ती कागदावर सुलटी आली. पण शंख दिसला तसाच कोरला. म्हणून कागदावर त्याचा पीळ निसर्गात असतो त्याच्या विरुद्ध बाजूला वळलेला आहे. असं का केलं असेल, यावर आम्ही विद्यार्थी असताना रात्र रात्र वाद घातलेत.

माडांची_सावली

धागा वाचून एक गोष्ट सांगावीशी वाटली. मी वेंगुर्ल्याची. आमच्या गावात डच वखार आहे, आता पडझड झालेली, भिंतींतून झाडं आलेली. लहानपणी तिथे जायला आजीची सक्त मनाई होती. डच ईस्ट इंडिया कंपनी वेंगुर्ल्यात आली १६३७ मध्ये. रेम्ब्रांटने घर घेतलं त्याच्या दोनच वर्षं आधी. ज्या कंपनीची गलबतं आमच्या बंदरात नांगर टाकायची तीच ॲमस्टरडॅमला परत जायची, आणि हा माणूस त्या शहरात बसून शंख-शिंपले, पूर्वेकडची शस्त्रं आणि कापडं जमवत होता.

त्याहून मोठी गोष्ट म्हणजे त्याच्यासमोर मोगल लघुचित्रं होती. १६५६ ते १६६१ च्या सुमारास त्याने ती समोर ठेवून रेखाटनं केली. जहांगीर, शाहजहान, दरबारी, घोडेस्वार. अशी वीसेक रेखाटनं आज जगभरच्या संग्रहांत विखुरलेली आहेत, आणि बरीचशी महागड्या आशियाई कागदावर आहेत. दुसऱ्या कुणाच्या चित्रांवरून त्याने इतकी रेखाटनं क्वचितच केली. वरच्या यादीत ‘कुतूहलाच्या लघुचित्रांचा’ एक संग्रह नोंदलेला आहे, तो हाच असावा असा अभ्यासकांचा कयास आहे.

त्यातलं एक रेखाटन लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहे: झाडाखाली बसलेले चार वृद्ध. त्यावरून त्याने १६५६ मध्ये एक एचिंग केलं, अब्राहम देवदूतांना जेवू घालतो ते. त्यात बायबलमधली मंडळी टेबल-खुर्ची सोडून आपल्याकडच्या पंगतीसारखी जमिनीवर बसली आहेत. शाहजहान तेव्हा जिवंत होता आणि ॲमस्टरडॅममध्ये एक कर्जबाजारी चित्रकार त्याचा चेहरा रेघेने समजून घेत होता. मला हे कळलं तेव्हा वखारीच्या पडक्या भिंतींकडे बघायची माझी नजरच बदलली.

रोजची_पोळी

ज्यांना मुलांना घेऊन जायचंय त्यांच्यासाठी: आमचा लेक सात वर्षांचा होता तेव्हा गेलो. स्वयंपाकघर, भिंतीतले कपाटासारखे पलंग आणि कुतूहलाच्या वस्तूंची खोली त्याला फार आवडली. रंग खलायचं प्रात्यक्षिक तर तो दोनदा बसून बघत होता. मोठी पाठपिशवी आत नेता येत नाही, खाली कप्प्यात ठेवावी लागते.

शाईची_दौत

तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार. ताम्रपट, तुमचा प्रतिसाद वहीत उतरवून घेतला. यादी छापायला लेकीला सांगितलं आहे. फक्त जिन्यांचं कुणी बोललं नाही, की मला धीर देताय?

ॲमस्टेलकाठ

नाही सर, राहूनच गेलं. जिने अरुंद आहेत, चढ उभा आहे आणि वळण घेत वर जातात. जुन्या घराला लागून आधुनिक इमारत आहे, तिथे लिफ्ट आहे, पण जुन्या घराच्या खोल्यांत जायला पायऱ्या चढाव्याच लागतात. चाकाच्या खुर्चीवरच्या माणसाला जुन्या भागात जाता येत नाही. तुम्ही दोन्ही हात मोकळे ठेवा, वही खांद्याच्या झोळीत घाला आणि मागून कुणी आलं तर त्याला पुढे जाऊ द्या. उतरताना जिन्याकडे तोंड करून, मागे मागे उतरलात तर गुडघ्याला बरं पडतं. पेन्सिलीने काढताना मला तिथे कुणी हटकलेलं नाही. फ्लॅश न मारता फोटोही काढता येतात.

शाईची_दौत

मंडळी, परवा मंगळवारी जाऊन आलो. दोन दिवस लिहायला जमलंच नाही, मन भरलेलं होतं.

दहाचा प्रवेश होता, मी सव्वानऊलाच पोचलो. घराजवळ पूल आहे, खाली पाण्याचं जुनं दार. समोर एक १६९५ चं लहानसं घर आहे, एका बाजूला चांगलंच कललेलं. पुलाच्या कठड्याला टेकून आधी रेम्ब्रांटच्या घराचा दर्शनी भाग काढला. लाल-हिरव्या झडपा, वर त्रिकोणी माथा. जवळच झाउडरकेर्क चर्चचा मनोरा दिसतो. त्याची आणि सास्कियाची तीन मुलं जन्मल्यावर थोड्याच दिवसांत गेली, ती त्या चर्चमध्ये पुरली आहेत. चौथा टिटस तेवढा मोठा झाला. हे मी वाचून गेलो होतो, पण घरातून मनोरा किती जवळ आहे हे तिथे उभं राहिल्यावरच कळतं.

आत गेल्यावर आधी स्वयंपाकघर लागतं. मी यादी काढली आणि हलक्या आवाजात वाचायला लागलो. कथिलाचं पाण्याचं भांडं, काही भांडी आणि तवे, एक लहान टेबल, कपाट, काही जुन्या खुर्च्या, खुर्चीवरच्या दोन उश्या. एवढंच. वरच्या खोल्यांत मोठमोठ्या इटालियन चित्रकारांच्या चित्रांचे संग्रह, रोमन सम्राटांचे पुतळे, आणि चुलीपाशी काही जुन्या खुर्च्या. पैसा कुठे गेला ते त्या दोन कागदांवरून कळतं. जे दिसेल ते हातात घेऊन बघायची, त्यावरून काढायची ओढ होती त्याला. मला तो त्या क्षणी अगदी ओळखीचा वाटला.

वर कुतूहलाच्या खोलीत शंख, पोवळी, शिंगं, भाले, पुतळे, फळ्या छतापर्यंत भरलेल्या. शंखाचं एचिंग त्या दिवशी लावलेलं नव्हतं, पण फळीवर खरे शंख होते. माडांची सावली, तुमची वखार तिथे फार आठवली.

आता ज्याच्यासाठी गेलो ते. मोठी चित्रशाळा रस्त्याच्या बाजूला आहे, उंच खिडक्या उत्तरेला. चित्रकलेच्या प्रत्येक मास्तरला ठाऊक असतं की उत्तरेचा उजेड चांगला, मीही ३१ वर्षं ते सांगितलं. पण आमच्या वर्गाच्या खिडक्या पश्चिमेला होत्या आणि दुपारनंतर मुलांच्या कागदावर सावल्या सरकायच्या. इथे मी बाकावर बसलो तेव्हा बाहेर ऊन-ढगांचा खेळ चालला होता, रस्ता मिनिटामिनिटाला बदलत होता आणि खोलीतला उजेड मात्र जागचा हलत नव्हता. पाऊण तास मी एका खुर्चीच्या पाठीवरची सावली काढत होतो, ती तसूभर सरकली नाही.

खिडकीच्या खालच्या भागाला लाकडी झडपा आहेत. त्या मिटल्या आणि वरच्या काचा उघड्या ठेवल्या की उजेड फक्त वरून उतरणार, कपाळावर, नाकाच्या शेंड्यावर आणि खांद्यावर. बाकीचं आपोआप अंधारात जाईल. मी मुलांना शिकवायचो की आधी पार्श्वभूमी काळी करा आणि मग चेहरा उजळ ठेवा. ते उलटं होतं. अंधार त्याला रंगाने घालावा लागत नव्हता, झडप लावली की तो खोलीतच असायचा. हे मला निवृत्तीनंतर कळलं, याचं वाईट वाटलं आणि कळलं याचा आनंदही झाला. माझे काही विद्यार्थी आता स्वतः चित्रकला शिकवतात. त्यांना कालच फोन करून सांगितलं की वर्गाची एक खिडकी खालून पुठ्ठ्याने झाका आणि मुलांपैकी एकाला तिच्याजवळ बसवा.

एचिंगचं प्रात्यक्षिकही बघितलं. ताम्रपट, दाबयंत्राखालून कागद उचलताना त्या बाई क्षणभर थांबल्या, तेव्हा आम्ही सगळे श्वास धरून उभे होतो.

निघण्याआधी खाली बाकावर बसून यादीचा शेवट वाचला. शेवटाकडे धुवायला गेलेल्या कपड्यांची नोंद आहे. पुरुषाचे तीन सदरे, सहा रुमाल, बारा नॅपकिन, तीन टेबलावरच्या चादरी, काही कॉलर आणि बाह्यांच्या पट्ट्या. घरात नसलेले, धोब्याकडे असलेले कपडेसुद्धा लिहून घेतले. इथवर मी सगळं कलाशिक्षक म्हणून बघत होतो. त्या तीन सदऱ्यांपाशी डोळे भरून आले.

सांजवारा, तुम्ही सांगितलंत ते मनात ठेवूनच गेलो होतो. रेम्ब्रांटचं सामान तिथे नाही हे खरंच. पण खिडक्यांच्या दिशा त्याच्याच आहेत.

जिने ठीक आहेत, फक्त घाई नको. मला तीन तास वीस मिनिटं लागली.

सांजवारा

सर, तुमचं वाचून परत जावंसं वाटतंय. मी त्या चित्रशाळेत फार तर पाच मिनिटं थांबलो असेन. पुढच्या खेपेला यादी घेऊन जाईन.

ताम्रपट

खुर्चीच्या सावलीचं रेखाटन इथे टाका ना सर. आणि राइक्स म्युझियमला कधी जाताय?

शाईची_दौत

रेखाटन लेकीकडून फोटो काढून घेतो आणि टाकतो. राइक्स म्युझियमला शुक्रवारी जाणार आहे, वेस्टरकेर्क त्यानंतर. त्याआधी बुधवारी नातीची शाळा लवकर सुटते, तेव्हा तिला घेऊन परत त्या घरात जातोय. तिला शंखाची गोष्ट सांगितली आहे. काल तिने स्वयंपाकघरातल्या आरशासमोर वही धरून स्वतःचं नाव उलटं लिहून बघितलं, आणि आता तिला तिथला एक शंख आरशात दिसतो तसा काढायचा आहे.